द्वेषाची टोळी सोडताना आणि सोडल्यावर: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

हे प्रश्न दोन प्रकारची माणसं विचारतात. एक, ज्यांच्या घरातलं कुणी अशा टोळीत ओढलं गेलंय. दुसरी, ज्यांना 'असली माणसं खरंच बदलतात का हो?' असं जरा कुत्सितपणे विचारायचं असतं. शंका दोघांचीही रास्त आहे. उदाहरणं बहुतेक अमेरिका आणि जर्मनीतली आहेत, कारण तिथे बाहेर पडलेली माणसं स्वतःच्या नावानिशी, चेहरा न लपवता बोलली. जर्मन भाषेत अशा माणसाला 'आउसश्टायगर' म्हणतात, म्हणजे गाडीतून उतरलेला. गाडी पुढे जातच असते, हा उतरतो. मला हा शब्द 'सुधारलेला' या शब्दापेक्षा जास्त प्रामाणिक वाटतो.

कडवी मतं असलेला प्रत्येक माणूस टोळीतला समजायचा का?

नाही. फॅमिली ग्रुपवर 'शुभ सकाळ'च्या गुलाबाखाली विखारी मजकूर पुढे ढकलणारे काका चुकत असतील. पण उद्या त्यांनी ग्रुप सोडला तर कुणी त्यांना मारायला येत नाही. टोळीत शत्रू जन्मावरून ठरलेला असतो. हुद्दे असतात, खुणा आणि गाणी असतात, आणि सोडून जाणारा गद्दार ठरतो. गोऱ्यांच्या वर्चस्वासाठी उभे राहिलेले कू क्लक्स क्लॅन (थोडक्यात 'क्लॅन') आणि हॅमरस्किन्स ही अमेरिकेतली ठळक नावं.

हाणामारी हवीच असंही नाही. कॅन्सस राज्यातल्या टोपीकाचं वेस्टबोरो बॅप्टिस्ट चर्च सैनिकांच्या अंत्यविधीबाहेर समलिंगींना शिव्याशाप देणारे फलक घेऊन उभं राहतं. संस्थापकाची नात मेगन फेल्प्स-रोपर पाच वर्षांची होती तेव्हापासून त्या निदर्शनांत जात होती. चर्च म्हणजे बहुतांशी तिचंच घराणं. २०१२ साली ती आणि तिची बहीण बाहेर पडल्या, तेव्हा टोळी सोडणं आणि आईवडील सोडणं या दोन वेगळ्या गोष्टी उरल्याच नव्हत्या.

आत जाणाऱ्याला ते विचार पटलेले असतात ना?

बहुतेकदा आधी सोबत मिळते, विचार मागाहून चिकटतात. ख्रिश्चन पिच्चोलिनीची गोष्ट घ्या. शिकागोजवळचं ब्लू आयलंड, साल १९८७, वय १४. आईवडील इटलीहून आलेले, दिवसरात्र कामात बुडालेले. हा एका गल्लीत गांजा ओढत उभा होता. एक टक्कल केलेला माणूस आला, त्याच्या ओठांतून ती सिगारेट काढून घेतली आणि म्हणाला, तुला असं सुस्त ठेवायचं हाच कम्युनिस्टांचा आणि ज्यूंचा डाव आहे. ज्यू म्हणजे कोण हे त्या पोराला धड माहीतही नव्हतं. पण कुणीतरी मोठा माणूस त्याच्याकडे बघून, त्याच्याशी बोलला होता. दोन वर्षांत तो म्होरक्या तुरुंगात गेला आणि सोळाव्या वर्षी पिच्चोलिनी त्याच्या जागी बसला.

आपल्याकडे 'संगत वाईट लागली' म्हणतात. त्यात आई-बाप स्वतःवरची जबाबदारी ढकलतात खरं, पण रोगाचं निदान चुकीचं नसतं.

बाहेर पडायचं ठरतं तरी कशामुळे?

एका झटक्यात ठरलं असं सांगणाऱ्यावर मी फारसा विश्वास ठेवत नाही. सांगताना गोष्ट आटोपशीर होते, जगताना ती वर्षानुवर्षं रेंगाळलेली असते.

आर्नो मायकेलिस अमेरिकेतल्या मिलवॉकी शहरात स्किनहेडांचा, म्हणजे डोकं भादरलेल्या वर्णद्वेषी पोरांच्या टोळीचा, पुढारी होता, 'सेंच्युरियन' नावाच्या वर्णद्वेषी बँडचा गायक. एकदा मॅकडोनल्ड्समध्ये गेला. काउंटरवर एक वयस्कर कृष्णवर्णीय बाई होती. तिला त्याच्या बोटावर गोंदलेलं नाझींचं स्वस्तिक दिसलं. काय आहे ते, तिनं विचारलं. काही नाही, असं काहीतरी तो पुटपुटला. यापेक्षा तू चांगला आहेस, मला माहीत आहे, असं ती म्हणाली. तो तिथून सटकला आणि त्या दुकानात पुन्हा पाऊल टाकलं नाही. पण टोळी? ती त्यानं लगेच सोडली नाही. पुढे पदरात लहान मुलगी आली, तिला एकट्यानं वाढवायची वेळ आली, एक दोस्त रस्त्यावरच्या मारामारीत मेला, तेव्हा कुठे १९९४च्या सुमाराला तो बाजूला झाला. त्या बाईला याचा काही पत्ता असेल असं वाटत नाही.

पिच्चोलिनीला त्याच्या धंद्यानं बदललं, हे मला सगळ्यात पटतं. गोऱ्यांच्या वर्चस्वाची गाणी विकायला त्यानं रेकॉर्डचं दुकान काढलं. गल्ला चालावा म्हणून बाकीची गाणीही ठेवली, आणि मग सगळ्या प्रकारची गिऱ्हाइकं यायला लागली: कृष्णवर्णीय, ज्यू, समलिंगी. एक दिवस नेहमी येणारा एक कृष्णवर्णीय मुलगा पडेल चेहऱ्यानं आला. त्याच्या आईला स्तनाचा कर्करोग निघाला होता. पिच्चोलिनीच्या आईलाही तोच आजार झालेला होता. गिऱ्हाइकांच्या डोळ्यांदेखत तो माल विकायची लाज वाटून त्यानं तो काढून टाकला. कमाईचा मोठा भाग त्यातूनच येत होता, त्यामुळे दुकान बसलं. तोवर बायकोमुलंही दुरावली होती. बाहेर पडलेल्या या माणसाच्या हाती आयुष्यात उरलेलं असं फारसं काही नव्हतं.

मग त्यांना जेवायला बोलवावं, म्हणजे बदलतील, असंच ना?

हे जे फार सांगितलं जातं त्याचं मूळ डेरेक ब्लॅक यांच्या कहाणीत आहे. वडील डॉन ब्लॅक यांनी १९९५ साली 'स्टॉर्मफ्रंट' हे इंटरनेटवरचं वर्णद्वेष्ट्यांचं मोठं व्यासपीठ सुरू केलं. क्लॅनचा जुना नेता डेव्हिड ड्यूक घरचाच माणूस. डेरेक यांनी लहान वयातच तिथं मुलांसाठीचा विभाग चालवला. २०१० साली फ्लोरिडातल्या सारासोटाच्या न्यू कॉलेजात प्रवेश घेतला, आणि काही महिन्यांतच सहाध्यायांना कळलं की आपल्यात कोण आहे.

मॅथ्यू स्टिव्हन्सन या ज्यू विद्यार्थ्यानं त्यांना शुक्रवार संध्याकाळच्या शब्बाथच्या, म्हणजे ज्यूंच्या आठवड्याच्या विश्रांतीच्या दिवसाच्या, जेवणाला बोलावलं. पहिल्या दिवशी वाद नाही, प्रबोधन नाही, फक्त जेवण. हे दोनेक वर्षं चाललं. २०१३च्या जुलैत डेरेक यांनी द्वेषाच्या टोळ्यांवर नजर ठेवणाऱ्या सदर्न पॉव्हर्टी लॉ सेंटर या संस्थेला पत्र लिहून चळवळ सोडल्याचं जाहीर केलं.

ही गोष्ट इथवर सांगून थांबतात, आणि तिथेच घोळ होतो. त्याच कॉलेजात बऱ्याच मुलांनी डेरेक यांच्याशी बोलणं टाकलं होतं, त्यांच्याविरुद्ध जाहीर ओरड केली होती. त्या दबावाचाही वाटा होता असं स्वतः डेरेक यांनी सांगितलंय. जेवणाच्या टेबलावरची मंडळी ही त्या ओरडीच्या पार्श्वभूमीवरची मंडळी होती. शिवाय एक मैत्रीण तासनतास आकडेवारीवर वाद घालत होती. नुसत्या जेवणानं काही झालं नसतं, नुसत्या बहिष्कारानंही नाही.

आणि एक. ज्याच्याविरुद्ध द्वेष आहे त्यानंच प्रेमानं वाढून द्यावं, ही अपेक्षा ठेवायचा हक्क कुणालाही नाही. स्टिव्हन्सननं ते केलं, हा त्याचा निर्णय. ज्यानं नाही केलं त्याच्यात काही कमी नाही.

या टोळ्यांमध्ये बायकाही असतात का?

असतात, आणि 'कुणाची तरी मैत्रीण' म्हणूनच असतात असंही नाही. फ्लोरिडातली अँजेला किंग एका ज्यू माणसाच्या दुकानावर दरोडा टाकायला साथीदारांबरोबर होती. तुरुंगात एका जमैकन कैदी बाईनं तिला विचारलं, क्रिबेज येतं का तुला? क्रिबेज म्हणजे पत्त्यांचा एक डाव. येत नव्हतं, तर तिनं शिकवलं. अँजेला पुढे अशा माणसांना मदत करणाऱ्या 'लाइफ आफ्टर हेट' संस्थेच्या संस्थापकांत होती.

यासाठी संस्था आहेत का? त्या करतात काय?

सुरुवात नॉर्वेत झाली, १९९७ साली, अभ्यासक तूरे ब्यूर्गो यांच्या कामातून. पुढच्या वर्षी स्वीडन. जर्मनीत २००० साली 'एक्झिट-डॉइचलांट' निघाली. तिचे दोन संस्थापक: माजी पोलीस अधिकारी बेर्न्ड वाग्नर आणि माजी नवनाझी इंगो हासेलबाख. चोर-पोलिसांनी मिळून काढलेली संस्था म्हणा ना.

काम रोजच्या अडचणींचं असतं. नवं घर, नोकरी, दारू सुटणं, कोर्टाच्या तारखा, मुलांचा ताबा, आणि त्यासोबत बराच काळ चालणारं बोलणं. येणाऱ्यानं स्वतःहून यावं लागतं. ज्याला कुणी ओढत आणलंय त्याच्याशी बोलून फार काही निघत नाही.

पण स्वतःहून येण्यासाठी त्याला पत्ता तर कळायला हवा! यावर एक्झिटनं २०११ साली जी शक्कल लढवली ती मी प्रत्येकाला सांगतो. जर्मनीतल्या गेरा शहरात अतिउजव्यांचा रॉक महोत्सव होता. आयोजकांना कुणीतरी २५० काळे टी-शर्ट देणगी म्हणून पाठवले, फुकट वाटायला. छातीवर कवटी, झेंडे, 'कट्टर बंडखोर' छापाचा मजकूर. पोरांनी उड्या टाकून घेतले. घरी गेल्यावर टी-शर्ट धुण्यात गेला. कवटी पाण्याबरोबर निघून गेली आणि खालून अक्षरं वर आली: तुझ्या टी-शर्टला जमतं ते तुलाही जमेल, अतिउजव्यांपासून सुटायला आम्ही मदत करू. खाली एक्झिटचं नाव. मला नेहमी वाटतं, तो टी-शर्ट मशीनमधून काढून दोरीवर टाकताना पहिल्यांदा वाचला असेल कित्येकांच्या आयांनी.

पैशांचं मात्र या संस्थांचं रडगाणं असतं. लाइफ आफ्टर हेटला जानेवारी २०१७ मध्ये अमेरिकी सरकारचं ४ लाख डॉलरचं अनुदान जाहीर झालं, सरकार बदललं आणि जूनमध्ये ते रद्द झालं. ऑगस्टमध्ये अमेरिकेतल्या शार्लट्सव्हिल शहरात नवनाझींचा मोर्चा निघाला, एकानं गर्दीत गाडी घातली, हेदर हायर ही तरुणी मारली गेली. मग लोकांकडून देणग्या येऊ लागल्या. माणूस मेल्यावर फायर ब्रिगेडचं बजेट मंजूर होण्यातला प्रकार.

सोडल्यावर जिवाला धोका असतो का?

असू शकतो. हासेलबाख पूर्व बर्लिनमधला मोठा नवनाझी पुढारी होता. नोव्हेंबर १९९२ मध्ये म्योल्न गावात तुर्की कुटुंबांची घरं पेटवण्यात आली, एक बाई आणि दोन मुली जळून मेल्या. त्यानंतरच्या वर्षी त्यानं चळवळ सोडली आणि सगळं जाहीर लिहिलं. त्याच्या आईच्या नावे पार्सल-बॉम्ब आला. फुटला नाही, एवढंच नशीब.

म्हणून गाजावाजा करून राजीनामा देऊ नये. आधी राहण्याची सोय, पोलिसांत किंवा वकिलाशी एक बोलणं, फोन नंबर बदलणं, घरच्यांना सावध करणं. भाषणं पुष्कळ नंतर.

गोंदणाचं काय करायचं?

हा प्रश्न ऐकायला किरकोळ वाटतो. ब्रायन विडनरला विचारा. चेहऱ्यावर, मानेवर, बोटांवर सगळीकडे द्वेषाची चिन्हं. टोळी सोडली, लग्न झालं, मुलं झाली. पण नोकरी कोण देणार आणि शाळेच्या दारात मुलांना सोडायला कसं जाणार? तोंडावर अॅसिड ओतून घ्यायचीही त्याची तयारी झाली होती. शेवटी त्याची बायको वंशवादाविरुद्ध काम करणाऱ्या एका कृष्णवर्णीय कार्यकर्त्याकडे गेली, म्हणजे कालपर्यंतच्या शत्रूकडेच. तिथून धागा सदर्न पॉव्हर्टी लॉ सेंटरपर्यंत पोचला, एका निनावी दात्यानं खर्च उचलला. १६ महिन्यांत लेझरच्या २५ बैठका झाल्या. चेहरा सुजायचा, फोड यायचे. हे सगळं २०११ साली टीव्हीवर दाखवलं गेलं.

गोंदण छोटं असेल तर त्यावर दुसरं चित्र काढून घेतात. काही कारागीर त्याचे पैसेही घेत नाहीत.

बाहेर पडला म्हणजे डोकंही साफ झालं का?

नाही, आणि हे घरच्यांनी आधीच समजून घ्यावं. अमेरिकेत पीट सिमी, कॅथलीन ब्ली आणि सहकाऱ्यांनी ८९ माजी वर्णद्वेष्ट्यांशी सविस्तर बोलून २०१७ साली एक अभ्यास प्रसिद्ध केला. त्यांना दिसलं की द्वेष व्यसनासारखा शरीरात मुरतो. कुणीतरी रस्त्यात दिसतं, जुनं गाणं कानावर पडतं, कुठं खटका उडतो, आणि तोंडातून तोच शब्द निसटतो. मग लाज, अपराधीपणा. दारू सोडलेल्या माणसाकडे आपण ज्या नजरेनं बघतो तीच नजर इथं लागते: विश्वास ठेवायचा, पण बाटली समोर ठेवायची नाही.

जुने गुन्हे माफ होतात का?

मुळीच नाही. संस्था वकील गाठून देईल, कोर्टात सोबत येईल. खटला अंगावरचा उतरत नाही.

प्रत्येकानं जाहीर बोललंच पाहिजे का?

माझ्या मते नाही. बरेचजण मुकाट्यानं ट्रक चालवतात, मुलं वाढवतात, आणि ते पुरेसं आहे. बाहेर पडून सहा महिने झालेला माणूस मंचावर उभा करणं तर त्याच्यावर अन्याय आहे. आधी त्याला टोळीत टाळ्या मिळत होत्या, आता टोळीविरुद्ध बोलून मिळतात. टाळ्यांची सवय तशीच राहते. जो आपल्या जुन्या मारामाऱ्या रंगवून रंगवून सांगतो त्याला माइक देताना विचार करावा.

बोलणारा खरा असेल तर तो आधी कुणाकडे गेला हे बघा. पिच्चोलिनीनं आपल्या शाळेच्या कृष्णवर्णीय सुरक्षारक्षकाला मारहाण केली होती. पुढे संगणक कंपनीत नोकरी लागली, आणि पहिलंच काम निघालं त्याच शाळेत. तोच रक्षक अजून कामावर. पिच्चोलिनी गाड्या लावतात तिथपर्यंत त्याच्या मागे गेला आणि 'मला माफ करा' यापलीकडे त्याला बोलता येईना. तो माणूस म्हणाला, ही गोष्ट लोकांना सांग. व्याख्यानं त्यानंतरची.

ज्यांचं माणूस गेलं त्यांनी अशा 'माजी' लोकांना भेटावं का?

त्यांची इच्छा. ५ ऑगस्ट २०१२, रविवार सकाळ, विस्कॉन्सिनमधल्या ओक क्रीकचा गुरुद्वारा. स्वयंपाकघरात बायका लंगरचं रांधत होत्या. वेड पेज नावाच्या हॅमरस्किननं आत शिरून गोळ्या झाडल्या. सहा माणसं गेली, सातवे बाबा पंजाब सिंग २०२० साली त्याच जखमांनी वारले. गुरुद्वाऱ्याचे अध्यक्ष सतवंत सिंग कालेका, वय ६५, हातात आला तो बोथट सुरा घेऊन त्याच्यावर धावून गेले होते.

पेज ज्या चळवळीतला, ती उभी करणाऱ्यांत आर्नो मायकेलिस होता. सतवंतसिंगांचा मुलगा परदीप, जो स्वतः पूर्वी मिलवॉकीचा पोलीस होता, त्यानं आर्नोला निरोप पाठवला. त्याला एकच विचारायचं होतं: का? दोघं त्याच शरद ऋतूत मिलवॉकीतल्या एका थाई हॉटेलात भेटले आणि तासनतास बसले. पुढे दोघं मिळून शाळाशाळांतून मुलांशी बोलू लागले. दोघांच्याही तळहातावर आज एकच तारीख गोंदलेली आहे, ८-५-१२ (अमेरिकी पद्धतीनं, आधी महिना मग दिवस).

त्याच गुरुद्वाऱ्यातल्या ज्या कुटुंबांनी असं काही केलं नसेल, त्यांनाही कुणी जाब विचारू नये.

माझा भाऊ यात अडकलाय. मी काय करू?

रोज उठून वाद घालू नका; तुमचे सगळे मुद्दे त्याला आधीच पाठ करून दिलेले असतात, उत्तरांसकट. पण गप्पही बसू नका. 'या घरात जेवताना ही भाषा चालणार नाही' एवढं एकदा स्पष्ट सांगा आणि पाळा. पैसे देऊ नका, गाडी देऊ नका. भाचीच्या बारशाला मात्र बोलवा. टोळी त्याला सांगत असते की बाहेर तुझं कुणी नाही; रविवारच्या मटणाला तो येतोय तोवर ते खोटं ठरत राहतं. त्यानं थकल्याचं बोलून दाखवलं तर 'मी सांगत होते ना' हे वाक्य गिळा.

हत्याराचा, ठरलेल्या दिवसाचा किंवा कुणाच्या नावाचा उल्लेख कानावर आला तर मात्र भाऊबीज बाजूला ठेवून पोलिसांना कळवा.

महाराष्ट्रात अशी काही सोय आहे का?

गडचिरोलीतल्या माओवाद्यांसाठी २००५ पासून राज्याची आत्मसमर्पण योजना आहे. ऑक्टोबर २०२५ मध्ये मल्लोजुला वेणुगोपाल राव उर्फ भूपती साठ साथीदारांसह तिथंच शरण आला. पण ती सशस्त्र लढाई, तिथं बक्षिसाची रक्कम असते, यादी असते, पुनर्वसन असतं. नुसत्या द्वेषात बुडालेल्या, अजून गुन्हा न केलेल्या पोराला शरण जायला असं कुठलंच टेबल नाही. तिथं सध्या तरी घरचे, एखादे शिक्षक आणि समुपदेशक एवढेच.

त्यांच्या मोर्चासमोर आपण मोर्चा काढावा का?

काढा, पण वुन्झीडेलसारखा डोकं चालवून काढलात तर बहार. बव्हेरियातल्या या गावात हिटलरचा सहकारी रुडॉल्फ हेस याची कबर होती, म्हणून नवनाझी दरवर्षी तिथं संचलन करायचे. गावकरी वैतागले होते. नोव्हेंबर २०१४ मध्ये त्यांनी ठरवलं, हे जितके मीटर चालतील तितके दहा-दहा युरो एक्झिटला. रस्त्यावर अंतराच्या खुणा रंगवल्या, वाटेत केळी ठेवली, शेवटी फीत लावून आभार मानले. नवनाझींनी चालून चालून स्वतःच्याच विरोधातल्या संस्थेसाठी दहा हजार युरो गोळा केले.

त्याचे जुने झेंडे, बिल्ले, जॅकेट घरात पडलेत. टाकून देऊ का?

तुम्ही टाकू नका, त्यालाच विचारा. कुणी जाळतं, कुणी संस्थेला देतं. जर्मनीत नाझी चिन्हं जाहीर मिरवणं गुन्हा आहे, तेव्हा तिथं राहत असाल तर गॅलरीत वाळत घालू नका. अमेरिकेतले कृष्णवर्णीय पियानोवादक डॅरिल डेव्हिस वर्षानुवर्षं क्लॅनच्या लोकांशी दोस्ती करत आले. ज्यांनी सोडलं त्यांतल्या काहींनी आपले पांढरे झगे आणि टोप्या त्यांच्याच हवाली केल्या. डेव्हिस यांनी त्या नीट जपून ठेवल्या आहेत, आणि व्याख्यानाला जाताना एखादा झगा सोबत नेतात.